कोरा रकाना

अमेरिकेतल्या एखाद्या इस्पितळात डाव्या खांद्यावर ॲसिड पडलेला रुग्ण दाखल झाला आणि त्याची कातडी पूर्ण जाडीपर्यंत जळालेली असली, तर त्याच्या कागदांवर निदान म्हणून किमान दोन कोड चढतात. त्यातला एक टी२२.७५२ए. टी२२ म्हणजे मनगट आणि पंजा सोडून उरलेला सगळा हात, खांद्यासकट. ७ म्हणजे रसायनाने झालेली तिसऱ्या श्रेणीची जखम. ५ म्हणजे खांदा, २ म्हणजे डावा. शेवटचा ‘ए’ सांगतो की जखमेवर अजून सक्रिय उपचार चालू आहेत. मात्र हा कोड आधी लिहायचा नाही, असा नियम आहे. त्याच्या वर रसायन सांगणारा कोड हवा: आम्ल असेल तर टी५४.२, कॉस्टिक सोड्यासारखा अल्कली असेल तर टी५४.३. आणि या वरच्या कोडमध्ये, सहाव्या जागेवर, एक असा आकडा बसतो ज्याचा शरीराशी काही संबंध नाही. १ म्हणजे अपघात, २ म्हणजे स्वतःहून करून घेतलेली इजा, ३ म्हणजे हल्ला, ४ म्हणजे हेतू ठरवता येत नाही.

मला लिहायचं आहे ते या एका आकड्याविषयी. त्या जागेसाठी एक नियम छापलेला आहे आणि तो मला चुकीचा वाटतो. कागदपत्रांत हेतूविषयी काहीच नसेल तर १ लिहा, असं तो सांगतो. ४ वापरायचा तो फक्त डॉक्टरांनी ‘हेतू ठरवता येत नाही’ असं स्पष्ट नोंदवलं असेल तेव्हाच. कुणी विचारलंच नाही, विचारलं पण रुग्ण बोलला नाही, बोलला पण ते कुणी लिहून घेतलं नाही, या तिन्ही गोष्टी शेवटी एकाच खात्यात जमा होतात. अपघात.

हा नियम अमेरिकेचा, तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून चालणाऱ्या आयसीडी-१० या आजारांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाच्या विस्तारित आवृत्तीचा. पण तो आपल्यापासून लांब नाही. ऐरोलीतल्या, पुण्यातल्या, हैदराबाद-चेन्नईतल्या कार्यालयांत बसून आपल्याकडचे असंख्य तरुण अमेरिकन इस्पितळांचे चार्ट रोज वाचतात आणि कोड देतात. फार्मसी झालेले, फिजिओथेरपी झालेले, बीएचएमएस होऊन दवाखाना न टाकलेले. लोक या कामाला ‘डेटा एन्ट्री’ म्हणतात तेव्हा मला वाईट वाटतं. भुलीचा कागद, शस्त्रक्रियेची टिपणं, परिचारिकेच्या रात्रीच्या नोंदी, हे सगळं वाचून एका माणसाच्या बाबतीत नेमकं काय झालं हे सात अक्षरांत पकडणं हे वाचनाचं काम आहे, आणि चांगलं वाचन दुर्मीळच असतं.

या व्यवसायाचा पहिला धडा असतो: गृहीत धरायचं नाही. डॉक्टरांनी ‘खोल जखम’ एवढंच लिहिलं तर कोडरने ‘तिसरी श्रेणी’ मानायची नाही. डावा की उजवा हे लिहिलेलं नसेल तर छायाचित्र बघून ठरवायचं नाही. शंका असेल तर डॉक्टरांना क्वेरी पाठवायची, आणि तीही अशी की तिच्यातून उत्तर सुचवलं जाऊ नये. इतकी कडक शिस्त पाळणाऱ्या पद्धतीत हेतूच्या जागी मात्र गृहीत धरणं हाच नियम आहे. खांद्याची बाजू माहीत नसेल तर ‘बाजू नमूद नाही’ असं सांगणारा ९ हा आकडा आहे. रसायन कोणतं ते कळलं नसेल तर ‘अनिर्दिष्ट’ असा कोड आहे. न कळणं मान्य करायची सोय सगळीकडे आहे, एक हेतू सोडून.

या वर्गीकरणाचा मूळ हेतू बिलं काढणं हा नव्हता. जाक बर्तियाँ या फ्रेंच सांख्यिकीतज्ज्ञाने १८९३ मध्ये शिकागोच्या परिषदेत मृत्यूच्या कारणांची यादी मांडली ती माणसं कशाने मरतात हे देशादेशांना एकमेकांशी ताडून पाहता यावं म्हणून. १९४८ मध्ये सहावी आवृत्ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि मृत्यूबरोबर आजार आणि इजाही त्या यादीत शिरल्या. अमेरिकेत आधी जी नववी आवृत्ती चालत होती तिच्यात डावा-उजवा हा भेद नव्हता, आणि आगीने भाजणं व रसायनाने जळणं एकाच घरात होतं. दहाव्या आवृत्तीत कोडांची संख्या चौदा हजारांच्या आसपासवरून सत्तर हजारांच्या आसपास गेली. त्या वेळी अनेक डॉक्टरांनी या तपशिलाची थट्टा केली. मी त्यांच्या बाजूने नाही. खांद्यावरच्या रासायनिक जखमेच्या बाबतीत तरी तपशील हाच उपचाराचा अर्धा भाग आहे.

आम्ल आणि अल्कली यांची जाळण्याची रीत वेगळी. आम्लामुळे कातडीतली प्रथिनं गोठतात आणि एक कठीण थर तयार होतो. तो थर आम्लाला आणखी आत जायला काही प्रमाणात अडवतो. अल्कली पेशी विरघळवत जातो. त्याला अडवणारं काही तयार होत नाही, म्हणून तो तासन्‌तास खोल उतरत राहतो. ओलं सिमेंटसुद्धा अल्कली आहे. बाहीत शिरलेलं सिमेंट दिवसभर तसंच राहिलेल्या मजुराला संध्याकाळी कळतं की कातडी गेली. चुन्याची कोरडी भुकटी अंगावर पडली तर आधी ती झटकायची आणि मगच भरपूर पाणी. हायड्रोफ्लुओरिक आम्ल तर वेगळंच: ते रक्तातलं कॅल्शियम बांधून टाकतं, त्यामुळे छोटी दिसणारी जखमही हृदयापर्यंत पोचू शकते आणि तिच्यावर कॅल्शियम ग्लुकोनेट लागतं. नुसतं ‘केमिकल बर्न’ असं लिहिणारा डॉक्टर यातलं काहीच लिहीत नाही.

शिवाय ही जखम पहिल्या दिवशी जेवढी दिसते तेवढीच राहते असं नाही. दाखल होताना दुसऱ्या श्रेणीची वाटलेली जागा तिसऱ्या-चौथ्या दिवशी पूर्ण जाडीची निघते. कोडिंगचा नियम इथे शहाणा आहे. एकाच ठिकाणी वेगवेगळ्या खोलीच्या जखमा असतील तर सर्वांत खोल श्रेणी धरायची, आणि मेलेल्या कातडीची न भरलेली जखम जुनी झाली तरी ताजीच मानायची.

मोजमापाच्या दुसऱ्या पट्टीवर मात्र खांद्याचं नुकसान होतं. शरीराचा किती भाग जळाला हे टी३२ या मालिकेत लिहायचं असतं. नऊच्या नियमाप्रमाणे प्रौढ माणसाचा एक अख्खा हात, खांद्यापासून बोटांपर्यंत, म्हणजे शरीराचे ९ टक्के. टी३२ची पहिली पायरी आहे ‘१० टक्क्यांहून कमी’. म्हणजे अख्खा हात गेला तरी माणूस पहिल्याच पायरीवर. पण काखेतली तिसऱ्या श्रेणीची जखम भरताना कातडी आक्रसते, दंड छातीला ओढला जातो आणि हात वर जाईनासा होतो. तसं होऊ नये म्हणून हात अंगापासून काटकोनात धरून ठेवणारी स्प्लिंट आठवडेच्या आठवडे लावावी लागते, कातडी रोपावी लागते, पुढे आक्रसलेली पट्टी सोडवण्याच्या शस्त्रक्रिया होतात. वेणी घालणं, फडताळातला डबा काढणं, लोकलमध्ये वरची कडी धरणं, ब्लाउजच्या बाहीत हात घालणं, सगळं त्या काखेच्या दोन-तीन टक्क्यांवर अवलंबून असतं. म्हणून टी२२.७४ हा काखेसाठीचा वेगळा कोड मला मोलाचा वाटतो. टक्केवारी जे लपवते ते जागेचं नाव उघड करतं.

मग हेतूच्या आकड्याकडे परत येऊ. गृहीतकाच्या बाजूने जे बोलतात त्यांचं म्हणणं मूर्खपणाचं नाही. बहुतेक इजा अपघातानेच होतात, अमेरिकेत रसायनांच्या जखमा तर कामाच्या जागी आणि घरच्या साफसफाईत होतात. म्हणून माहिती नसेल तेव्हा अपघात मानलं तर बहुतेक वेळा ते बरोबरच ठरेल. रकाना कोरा ठेवला तर आकडेवारीला भोकं पडतील. डॉक्टर हा पोलीस नाही आणि कोडर तर त्याहून नाही. हे तिन्ही मुद्दे खरे आहेत.

पण ‘बहुतेक वेळा बरोबर’ ठरणारा अंदाज कुणाच्या बाबतीत चुकतो हे बघायला हवं. चूक सगळीकडे सारखी विखुरलेली असती तर हरकत नव्हती. मोठ्या बेरजेत ती विरून गेली असती. इथे चूक एकाच दिशेने होते. जो माणूस मोकळेपणाने बोलू शकतो, त्याचा हेतूचा रकाना कोरा राहत नाही. रकाना कोरा राहतो तो खाटेशेजारी नवरा किंवा सासू उभी असलेल्या बाईचा, परक्या देशात भाषा न येणाऱ्या स्थलांतरिताचा, उद्या पुन्हा त्याच घरात जायचं असलेल्या मुलीचा. म्हणजे जिथे हल्ल्याची शक्यता जास्त, नेमकी तिथेच नोंद नसण्याची शक्यताही जास्त. अशा जागी ‘काही लिहिलं नाही म्हणजे अपघात’ हे गृहीतक हल्ले मोजतच नाही, ते अपघातांत भरतं. मग ती बेरीज बघून कुणी म्हणतं की हल्ले फारसे होत नाहीत, आणि विचारायची गरज आणखी कमी वाटू लागते.

हा खेळ आपण आपल्याकडे फार मोठ्या प्रमाणावर पाहिलेला आहे, कोडांशिवाय. महाराष्ट्रातल्या कुठल्याही मोठ्या सरकारी इस्पितळाच्या जळीत वॉर्डात काम केलेल्या माणसाला ‘स्टोव्हचा भडका’ हे शब्द ठाऊक असतात. प्राची सांघवी, कवी भल्ला आणि वीणा दास यांचा एक अभ्यास २००९ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये आला. भारतात २००१ या एका वर्षात आगीने सुमारे १ लाख ६३ हजार माणसं मेली असावीत असा त्यांचा अंदाज होता. पोलिसांच्या आकड्याच्या जवळपास सहा पट. त्यात १ लाख ६ हजार बायका, बहुतेक १५ ते ३४ या वयातल्या. हा अभ्यास आगीचा आहे, रसायनांचा नाही, आणि त्यातल्या सगळ्या बायका मारल्या गेल्या असं तो म्हणत नाही. पण स्वयंपाकघरातल्या अपघाताला वय कळत नाही. तरुण बायकांचे मृत्यू त्याच वयाच्या पुरुषांच्या तिप्पट का, हा प्रश्न अपघाताच्या रकान्यात मावत नाही. तो विचारता आला तो मृत्यूंच्या नोंदी पोलिसांच्या आकड्यांशेजारी ठेवून पाहिल्यामुळे.

ॲसिडच्या बाबतीत आपला कायदा २०१३ मध्ये जागा झाला. त्या वर्षी मे महिन्यात वांद्रे टर्मिनसच्या फलाटावर एका तरुण परिचारिकेवर ॲसिड फेकलं गेलं. नौदलाच्या रुग्णालयात नोकरीवर रुजू होण्यासाठी ती मुंबईत उतरली होती. महिन्याभरात ती गेली. तिच्या प्रकरणात हेतूविषयी कुणालाही प्रश्न पडला नाही, कारण फलाटावर माणसं होती. घराच्या चार भिंतींत कुणी साक्षीदार नसतो. त्याच वर्षी भारतीय दंड विधानात ३२६ अ आणि ३२६ ब ही कलमं आली (आता ती भारतीय न्याय संहितेच्या कलम १२४ मध्ये आहेत). जुलैत सर्वोच्च न्यायालयाने ॲसिडच्या विक्रीवर बंधनं घातली आणि पीडितेला किमान ३ लाख रुपये भरपाई ठरवली. त्यातला १ लाख घटना कळल्यापासून १५ दिवसांत द्यायचा.

माझ्या मुद्द्याला सर्वांत जवळचा आदेश मात्र १० एप्रिल २०१५चा आहे. त्यात न्यायालयाने म्हटलं की पीडितेवर पहिला उपचार करणाऱ्या रुग्णालयाने ती ॲसिड हल्ल्याची बळी असल्याचं प्रमाणपत्र द्यावं, आणि ते पुढच्या शस्त्रक्रियांसाठी, योजनांसाठी वापरता यावं. म्हणजे मोफत उपचार, भरपाई, २०१६च्या दिव्यांग हक्क कायद्यात ॲसिड हल्ल्याच्या बळींना मिळालेलं स्थान, या सगळ्याचं दार पहिल्या रात्रीच्या केस पेपरवरच्या एका ओळीने उघडतं. ती ओळ लिहिणारा असतो कॅज्युअल्टीत बसलेला, बऱ्याचदा नुकताच एमबीबीएस झालेला, झोप न झालेला तरुण डॉक्टर. त्याच्यासमोर पंधरा रुग्ण असतात. त्याने ‘ॲसिड पडल्याने’ असं लिहिलं तर एक गोष्ट, ‘ॲसिड टाकल्याने, असे रुग्ण सांगते’ असं लिहिलं तर दुसरी. त्या रात्री त्याने काहीच लिहिलं नाही, तर महिन्याभराने ते लिहून घेण्यासाठी बाईला ठाणं, वकील, सिव्हिल सर्जनचं कार्यालय असे उंबरठे झिजवावे लागतात, आणि तोवर समोरचा म्हणत असतो, ‘कागदावर तर अपघात आहे.’

अमेरिकन कोडात ही चूक किती टिकाऊ असते तेही पाहण्यासारखं आहे. जखम भरली, काख आक्रसली, दोन वर्षांनी ती सोडवायला शस्त्रक्रिया झाली, की जुन्या जखमेचा परिणाम म्हणून शेवटचं अक्षर ‘एस’ होतं. पण सहाव्या जागेवरचा १ तसाच पुढे चालत राहतो. नवा सर्जन जुना चार्ट वाचतो, त्यालाही तो अपघातच दिसतो.

कारखान्यातल्या कामगाराचं दुखणं याच्या उलट्या टोकाला आहे. तळोजा, तारापूर, लोटे-परशुराम, महाड इथल्या रासायनिक वसाहतींत कंत्राटी कामगाराच्या दंडावर पाइपच्या जोडणीतून काही उडालं, तर ‘अपघात’ हा शब्द बहुधा खराच असतो. पण तिथे कोरे राहतात ते दुसरे रकाने: रसायनाचं नाव, घटनेची जागा, कामावर असताना की नाही. सुपरवायझर सोबत आलेला असतो आणि ‘घरी सांडलं’ असं सांगायला तोच पुढे होतो. अमेरिकन पद्धतीत जागेसाठी वाय९२ आणि कामासाठी वाय९९ असे कोड आहेत; ते देणं बहुतेक ठिकाणी सक्तीचं नाही, आणि बिलाच्या पैशांवर त्यांचा परिणाम होत नसल्याने ते सर्वांत आधी गळतात. ज्यावर पैसा हलत नाही ते लिहिलं जात नाही, ही गोष्ट मला या सगळ्या व्यवस्थेतली सर्वांत खेदाची वाटते.

मोजल्याने काय होतं याचं एक उदाहरण शेजारी बांगलादेशात आहे. १९९९ मध्ये तिथे ॲसिड सर्व्हायव्हर्स फाउंडेशन उभं राहिलं आणि त्यांनी प्रत्येक हल्ल्याची नोंद ठेवायला सुरुवात केली. २००२ मध्ये हा आकडा ५००च्या जवळ गेला. त्याच वर्षी तिथे दोन कायदे झाले, एक ॲसिडच्या विक्रीवर आणि एक शिक्षेचा. दहा वर्षांत वार्षिक हल्ले १००च्या खाली आले. कायदे आपल्याकडेही आहेत. तिथे कायद्याच्या मागे एक खरी यादी होती, दरवर्षी समोर ठेवता येईल अशी.

आता माझ्या म्हणण्यावर जो सर्वांत जड आक्षेप आहे तो घेतो. बाईने बोलायचं नाही असं ठरवलं असेल तर? अमेरिकेत विम्याचा हिशेब अनेकदा पॉलिसी ज्याच्या नावावर आहे त्याच्याच घरी जातो. पॉलिसी नवऱ्याची असेल आणि त्या कागदावर ‘हल्ला’ असा कोड असेल, तर तिच्या जिवावर बेतू शकतं. आपल्याकडे एमएलसी (वैद्यकीय-कायदेशीर प्रकरणाची नोंद) झाली की चौकीतून फोन जातो, गावात बातमी होते, माहेरची माणसंही ‘मुलांचा विचार कर’ म्हणतात. तिचं गप्प राहणं ही तिची त्या क्षणीची सुरक्षितता असू शकते, आणि ती तिच्याकडून हिरावून घेण्याचा अधिकार कुणालाही नाही.

हा आक्षेप मी पूर्ण मान्य करतो, आणि म्हणूनच गृहीतकाला माझा विरोध आहे. तिच्या गप्प राहण्याचा मान राखायचा म्हणजे तिच्या वतीने ‘अपघात’ असं बोलायचं नाही. गप्प राहणं हे गप्प राहणं म्हणूनच नोंदता आलं पाहिजे. याच कोडपुस्तकात त्याची वाट आहेसुद्धा: प्रौढ व्यक्तीवरच्या अत्याचारासाठी खात्री झालेला टी७४ आणि नुसता संशय असलेला टी७६ असे दोन वेगळे कोड आहेत. संशयाला स्वतःचं घर देणं तिथे जमलं; मग न विचारलेल्या प्रश्नाला घर देणं का जमू नये? शिवाय विमा कंपनीकडे जाणारी नोंद आणि सार्वजनिक आरोग्याच्या मोजणीसाठीची नोंद एकच असली पाहिजे असं कुठल्याही शास्त्रात लिहिलेलं नाही.

आयसीडीची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली आहे आणि देश आपापल्या गतीने तिच्याकडे वळत आहेत. अनेक देश वर्गीकरणाबरोबर ते वापरण्याच्या सूचनाही तयार करतात. हेतूच्या गृहीतकासारखे नियम अशा सूचनांमध्येच बसलेले असतात, म्हणून ते बदलायला जिनिव्हातल्या जागतिक आरोग्य संघटनेची वाट पाहावी लागत नाही. माझी मागणी एवढीच आहे की हेतूच्या जागी तीन गोष्टी वेगळ्या ठेवाव्यात: विचारलं नाही; सोबतच्यांना बाहेर पाठवून विचारलं, पण रुग्णाने सांगितलं नाही; आणि रुग्णाने सांगितलं, ते त्याच्याच शब्दांत. पहिलीला अपघातात मिळवायचं नाही. भारतातल्या केस पेपरवर यासाठी एक ओळ लागेल. अमेरिकन चार्टवर कोडरला तीच क्वेरी पाठवायची मुभा लागेल, जी तो डाव्या-उजव्या खांद्यासाठी आजही पाठवतो.

पहिल्या वर्षी अपघातांचा आकडा घटेल आणि ‘विचारलं नाही’ हा रकाना भलताच फुगलेला दिसेल. सांख्यिकी खात्यातली माणसं म्हणतील की आकडेवारी बिघडली. पण तेव्हाच जिल्हावार बघता येईल की कुठल्या इस्पितळाच्या कॅज्युअल्टीत विचारलं जातं आणि कुठे नाही, कुठे रात्रपाळीला स्त्री डॉक्टर किंवा परिचारिका नाही, कुठे नातेवाइकांना बाहेर पाठवायला पडदासुद्धा नाही. पडदा कुठे लावायचा, माणूस कुठे नेमायचा, हे त्या फुगलेल्या रकान्यावरून ठरवता येईल.